पालिकेची फोर्टमधली इमारत: वैद्य, कालेवार आणि १८९३ च्या आधीचा पत्ता

पागोळी

नमस्कार मंडळी. गेल्या शनिवारी मुलाला घेऊन मुंबई महापालिकेच्या मुख्यालयात गेले होते. जानेवारी २०२१ पासून तिथे सुट्टीच्या दिवशी गाईडसोबत आत फिरायची सोय झाली आहे. इतकी वर्षं जाईन जाईन म्हणत होते, शेवटी मुहूर्त लागला.

माझे आजोबा या इमारतीत शिपाई होते. लालबागच्या चाळीतून सकाळी साडेआठला निघायचे. पट्ट्यावर पितळी बिल्ला असायचा. तो रविवारी चिंच लावून घासायचं काम आम्हा नातवंडांकडे होतं. त्यावरची "यतो धर्मस्ततो जयः" ही अक्षरं मी शाळेत जायच्या आधी बोटाने गिरवलेली. पण आजोबांची इमारत आतून कशी आहे ते मात्र परवा, वयाच्या ४३ व्या वर्षी पाहिलं. घुमटाखालच्या जिन्यावर उभी राहिले आणि डोळे भरून आले.

आत एक पाटी आहे. वास्तुविशारद फ्रेडरिक विल्यम स्टीव्हन्स हे नाव तर व्हीटीमुळे (आजचं सीएसएमटी स्टेशन) सगळ्यांना माहीत. पण त्याच पाटीवर बांधकामाचे इंजिनिअर म्हणून रावसाहेब सीताराम खंडेराव वैद्य आणि कंत्राटदार म्हणून व्यंकू बाळाजी कालेवार ही दोन नावं आहेत. खाली हिशोब. मंजूर रक्कम ११,८८,०८२ रुपये, प्रत्यक्ष खर्च ११,१९,९६९. लेकाने तिथल्या तिथे वजाबाकी केली, ६८,११३ रुपये शिल्लक!

माझे दोन प्रश्न आहेत. एक, वैद्य आणि कालेवार यांची नावं आपल्याला शाळेत का नाही कुणी सांगितली? दोन, ही इमारत पुरी झाली १८९३ मध्ये. त्याआधी पालिका बसायची कुठे?

सातरस्ता

सुंदर लिहिलंयस. बिल्ला अजून आहे का घरात? फोटो टाक.

कुर्ल्याची काकू

पागोळी, चिंचेने पितळ घासणं वाचलं आणि मी थेट माहेरी पोचले गं. आमच्याकडे समई असायची.

दगडफोड्या

पहिल्या प्रश्नाबद्दल थोडं. कालेवार हे तेलुगू कंत्राटदार. एकोणिसाव्या शतकात निजामाच्या मुलखातून, आजच्या तेलंगणातून, बांधकामाची माणसं मुंबईत आली. त्यांना कामाठी म्हणत आणि त्यांच्या वस्तीचं कामाठीपुरा झालं. आज त्या नावाचा लोक वेगळाच अर्थ घेतात, ते वाईट वाटतं. दगड घडवणारी, चुना मळणारी, पाट्या वाहणारी माणसं तिथे राहायची आणि त्यांच्यातूनच मोठे कंत्राटदारही उभे राहिले. फोर्टमधल्या मोठमोठ्या इमारतींवर त्यांचे हात फिरलेत. माझी आजी तेलुगू बोलायची, आजोबा गवंडी होते. त्यामुळे कालेवार हे नाव मी नेहमी मोठ्याने घेतो. तूही तुझ्या मुलाला सांगितलंस, बरं केलंस.

बोरीबंदर

६८ हजार वाचल्याची गोष्ट दर पावसाळ्यात व्हॉट्सअ‍ॅपवर फिरते. रस्त्यावर खड्डे पडले की हमखास येते, खाली "तेव्हाचे लोक बघा आणि आत्ताचे बघा". आकडे खरे आहेत, त्याबद्दल वाद नाही. पण तारखाही बघा की. पायाभरणी झाली ९ डिसेंबर १८८४ ला आणि प्रत्यक्ष काम सुरू झालं २५ एप्रिल १८८९ ला. मधली सव्वाचार वर्षं तो दगड तिथे नुसता बसून होता. तेव्हाही फाईल अडायची, जागेवरून आणि आराखड्यावरून घोळ व्हायचे. जुनं ते सगळं सोनं असं मला पटत नाही.

पागोळी

@बोरीबंदर, हे मला माहीत नव्हतं. पण सुरू झाल्यावर सव्वाचार वर्षांत संपवलं ना? ३१ जुलै १८९३.

बोरीबंदर

हो, ते काम मानलंच पाहिजे. तेवढीच सव्वाचार वर्षं.

हेमाडपंती

त्या मधल्या वर्षांत काय काय झालं ते सांगतो, कारण माझ्या मते इमारतीची खरी गोष्ट तिथेच आहे.

पायाभरणी केली व्हाइसरॉय लॉर्ड रिपनने. शाळेत "स्थानिक स्वराज्य संस्थांचा जनक कोण" या प्रश्नाचं उत्तर लिहायचो ना, तोच. १८८२ चा त्याचा ठराव प्रसिद्ध आहे. डिसेंबर १८८४ म्हणजे त्याचे हिंदुस्थानातले शेवटचे दिवस, त्याच महिन्यात तो पदावरून गेला. गावाचा कारभार गावच्या लोकांनी निवडलेल्या माणसांकडे असावा असं म्हणणाऱ्या माणसाने जाता जाता पालिकेच्या घराचा दगड बसवला.

मग १८८८ साली मुंबई महापालिकेचा कायदा आला. त्यामागे फिरोजशहा मेहतांची कित्येक वर्षांची मेहनत होती. आजही पालिका त्याच कायद्याने चालते, दुरुस्त्या खूप झाल्या तरी साल १८८८ च लिहितात. त्या कायद्याने ७२ सभासद ठरवले. आणि पुढच्याच वर्षी, १८८९ ला, बांधकाम सुरू. आधी कायदा, मग घर. बाहेर फिरोजशहांचा पुतळा आहे तो १९२३ साली बसवला. व्हीटीच्या सबवेतून वर आलं की ते अजूनही दारात उभे दिसतात.

आता पाटीवर हिशोब का कोरला असेल याबद्दल माझं मत. १८६५ साली पहिले म्युनिसिपल कमिशनर झाले आर्थर क्रॉफर्ड. कामाचा झपाटा दांडगा, क्रॉफर्ड मार्केट त्यांच्याच काळातलं. पण पैसा इतका सढळ हाताने सोडला की तिजोरी आटली. १८७१ मध्ये करदाते संतापून उठले. त्या वेळी तरुण फिरोजशहांनी वेगळीच बाजू मांडली. दोष एका कमिशनरचा नाही, त्याच्यावर लक्ष ठेवायला लोकांनी निवडलेली सभा नाही हा दोष आहे, असं त्यांचं म्हणणं होतं. १८७२ च्या कायद्याने तशी सभा आली. त्या भांडणाची आठवण वीस वर्षांनंतरही ताजी असणार. म्हणून करदात्याच्या पै-पैचा हिशोब भिंतीवर, नावांसकट. मी ती पाटी अशी वाचतो.

निशिगंधा

हेमाडपंती, हा प्रतिसाद वेगळा लेख म्हणून टाका प्लीज. वाचनखूण साठवली.

चाळकरी

+१

एक भर घालतो. त्या ७२ जणांतल्या निवडून येणाऱ्यांना मत देणारे कोण होते? कर भरणारे, मालमत्तावाले. गिरणीत राबणाऱ्या माझ्या पणजोबांना मत नव्हतं. प्रौढ मताधिकारावर पालिकेची पहिली निवडणूक झाली १९४८ साली. आजोबा सांगायचे, डिलाईल रोडच्या चाळीतली माणसं त्या दिवशी दिवाळीचे कपडे घालून रांगेत उभी होती. इमारत उभी राहिल्यावर ५५ वर्षांनी ती आमची झाली. त्यामुळे तिच्याबद्दल बोलताना मला दोन्ही वाटतं, अभिमानही आणि हेही.

कुर्ल्याची काकू

चाळकरी, खरं बोललात. बायकांचंही सांगते. अवंतिकाबाई गोखले १९२३ पासून नगरसेविका होत्या, त्या याच सभागृहात बसल्या. पहिल्या महिला महापौर सुलोचना मोदी, १९५६. माझी आई पालिकेच्या शाळेत शिक्षिका होती. ती ही दोन नावं वर्गात मुलींकडून पाठ करून घ्यायची, अभ्यासक्रमात नसली तरी.

मुकादम

मी पालिकेच्या इंजिनिअरिंग खात्यातून निवृत्त झालो. जुन्या दगडी इमारतींच्या दुरुस्तीवर बरीच वर्षं होतो, म्हणून दगडाबद्दल बोलतो.

अशा इमारतीत भार भिंती वाहतात. आत सळई नाही, दगडावर दगड आणि मधे चुना. चुना थोडा लवचीक असतो. उन्हाने दगड फुगला, थंडीत आकसला तर तो सांभाळून घेतो, शिवाय भिंतीतली ओल बाहेर सोडतो. आमच्या आधीच्या पिढीत ठिकठिकाणी काय केलं गेलं, तर दरजा, म्हणजे दगडांमधले सांधे, उघड्या पडल्या की सिमेंट भरायचं. दिसायला घट्ट. पण पावसाचं पाणी कुठून तरी आत शिरतंच, आणि सिमेंटमुळे त्याला बाहेर यायला वाट राहत नाही. मग ते दगडातूनच वाट काढतं. दोन-चार पावसाळ्यांत दगडाचा वरचा पापुद्रा सुटायला लागतो. नखाने खरवडला तर पीठ हातात येतं.

एका जुन्या इमारतीवर आम्ही सहा महिने नुसतं सिमेंट काढत होतो. छिन्नी अशी धरायची की दगडाच्या कडेला धक्का लागता कामा नये. एक माणूस दिवसभरात जेमतेम दोन-तीन हात दरज मोकळी करायचा. मग भिजवून मुरवलेला चुना भरायचा आणि वर ओलं गोणपाट टांगायचं, कारण चुना घाईने वाळला तर चिरतो. ते काम करणारा मिस्त्री मला म्हणाला होता, साहेब, याला तहान लागू देऊ नका. ते वाक्य मी विसरलो नाही.

म्हणून वैद्य आणि कालेवारांचं नाव घेताना त्या न कोरलेल्या मिस्त्र्यांचंही घ्या.

दगडफोड्या

मुकादम काका, नमस्कार तुम्हाला. आजोबा चुन्याची परीक्षा जिभेवर करायचे असं आजी सांगायची, ते आज तुमच्यामुळे आठवलं.

फिरस्ता

एक प्रश्न. इमारत इतकी मोलाची आहे तर त्यात कचेरी कशाला? वायरी, एसीच्या पेट्या, फायलींची कपाटं, रोज हजारो पावलं. कचेरी दुसरीकडे न्यावी आणि इथे मुंबईचं संग्रहालय करावं. २००० साली सभागृहाला आग लागली होती ते विसरलात का? नंतर जीर्णोद्धार केला म्हणून वाचलं, पुन्हा तसं झालं तर?

बोरीबंदर

फिरस्ताशी सहमत. ७२ जणांसाठी योजलेल्या सभागृहात २२७ नगरसेवकांची जागा करायची म्हणजे दाटीवाटी. मागे विस्तारित इमारत बांधावी लागलीच, बराच कारभार तिथूनच चालतो. सभागृह तरी मोकळं करा.

चाळकरी

मी कडाडून विरोध करतो. समोरच्या व्हीटीकडे बघा. २००४ साली जागतिक वारसा झाली म्हणून गाड्या थांबल्या का? रोज लाखो माणसं तिथून चढतात-उतरतात आणि म्हणून ती जिवंत आहे. मोर्चे आझाद मैदानात येतात ते या इमारतीच्या शेजारी. आपलं गाऱ्हाणं घेऊन माणूस तिथवर येतो कारण ऐकणारे आत बसलेले असतात. आत काचेच्या पेट्या ठेवल्यात तर तो कुणाला हाक मारणार?

निशिगंधा

दोघांचंही थोडं थोडं पटतंय. माझ्या बाबांच्या मृत्यूच्या दाखल्यात नाव चुकलं होतं. एका कचेरीत तीन महिने हेलपाटे घातले. तिथे बसायला बाकडं नव्हतं, पंखा नव्हता, आईला जिन्यात बसवायचे. तेव्हा मला सुंदर कमानींचं काही पडलं नव्हतं. वारसा जपा, जरूर जपा, पण तेवढ्याच मायेने त्या जिन्यात बसलेल्या माणसासाठी एक खुर्चीही ठेवा, एवढंच वाटतं.

पागोळी

निशिगंधा 🙏 आजोबा याच कारणाने दुपारी स्वतःचं स्टूल म्हाताऱ्या माणसांना द्यायचे आणि उभे राहायचे. आजी ओरडायची, पाय सुजतात म्हणून.

मुकादम

@फिरस्ता, वापरातली इमारत जास्त टिकते असा माझा अनुभव आहे. रोज माणूस फिरतो तिथे गळती पहिल्याच पावसात दिसते. बंद दालनात ती तुळई कुजल्यावर कळते. वायरिंग नीट करा, फायलींचं ओझं कमी करा, पण दिवे चालू राहू द्या.

सातरस्ता

अवांतर: स्टीव्हन्सबद्दल कुणीच काही लिहिलं नाही. बाथ गावी १८४७ साली जन्म, विशीत इकडे आला आणि इथेच राहिला. १९०० साली मुंबईत वारला, शिवडीच्या दफनभूमीत आहे. व्हीटी, ही पालिका, चर्चगेटची पश्चिम रेल्वेची कचेरी, कुलाब्याच्या वाटेवरचं आजचं पोलीस मुख्यालय हे सगळं त्याच्या हातचं. पालिकेसाठी चिशोम या दुसऱ्या वास्तुविशारदाचा इंडो-सारसेनिक, म्हणजे हिंदू-मुस्लिम घाटांच्या ढंगाचा आराखडाही समोर होता, पण बांधला गेला स्टीव्हन्सचा. तरी घुमटांचा घाट बघा, त्यात आपल्याकडची वळणं आहेतच. व्हीटी आणि पालिका समोरासमोर उभ्या राहून एकमेकींशी बोलतात असं मला लहानपणापासून वाटत आलंय.

जागाही बघण्यासारखी आहे. एका बाजूला डी. एन. रोड, दुसऱ्या बाजूला महापालिका मार्ग म्हणजे जुना क्रुकशँक रोड, आणि मधला त्रिकोण. म्हणून पुढचं तोंड अरुंद आणि मागे दोन हात पसरलेले. समोर कॅननची पावभाजी खात उभं राहिलं की हे नीट दिसतं. वर पंख असलेली मूर्ती आहे, "अर्ब्स प्रिमा इन इंडिस", म्हणजे हिंदुस्थानातलं पहिलं नगर, त्या अर्थाची.

कुर्ल्याची काकू

पावभाजी खाताना वर बघायचं म्हणजे साडीचं कल्याण हो. पण या रविवारी करणार.

हेमाडपंती

त्याच मूर्तीवरून आठवलं. पहिलं नगर असं म्हणवून घ्यायला आधार होता. इमारतीचं काम चालू असतानाच, १८९२ साली, तानसाचं पाणी मुंबईत आलं. त्याआधी १८६० ला विहार, १८७९ ला तुळशी. म्हणजे एकीकडे ११ लाखांची कचेरी आणि दुसरीकडे कित्येक कोसांवरून पाणी, दोन्ही एकाच सभेने पार पाडलं. मला तर कचेरीपेक्षा तानसाचा जास्त अभिमान वाटतो. आणि इमारत पुरी झाल्यावर तीनच वर्षांनी, १८९६ ला, प्लेग आला. नव्या सभागृहात किती काळजीच्या बैठका झाल्या असतील.

चाळकरी

आणि नळ कुठे आला, कुठे नाही आला, तेही त्याच सभागृहात ठरलं. प्लेगमध्ये मेली ती कोंदट चाळीतली माणसं.

हेमाडपंती

मान्य. पूर्ण मान्य.

फिरस्ता

धागा कुठल्या कुठे गेला. पागोळीच्या दुसऱ्या प्रश्नाला उत्तर मिळालंच नाही. १८९३ च्या आधी पालिका कुठे होती?

सातरस्ता

अरे हो!

आधी गिरगाव रस्त्याच्या टोकाला एका साध्या इमारतीत होती. मग १८७० साली एस्प्लनेडवर, म्हणजे फोर्टबाहेरच्या जुन्या मोकळ्या मैदानाच्या भागात आली, वॉटसन हॉटेल आणि ससून मेकॅनिक्स इन्स्टिट्यूट यांच्या मधल्या जागेत. ससून इन्स्टिट्यूट म्हणजे काळा घोड्याजवळची आजची डेव्हिड ससून लायब्ररी. मधे आज आर्मी अँड नेव्ही बिल्डिंग उभी आहे, तिथे. १८७२ च्या कायद्यानंतरची सभा याच पत्त्यावरची. हेमाडपंतींनी सांगितलेलं १८७१ चं क्रॉफर्ड प्रकरण घडलं तेव्हाही पालिकेची कचेरी तिथेच होती.

पागोळी

अरे देवा! मी कॉलेजात असताना डेव्हिड ससूनच्या गॅलरीत अभ्यासाला बसायचे. तीन वर्षं. म्हणजे आजोबांच्या कचेरीचं जुनं घर माझ्या शेजारी होतं आणि मला पत्ता नाही. आजोबा तेव्हा होते, विचारलं असतं तर कदाचित त्यांनीच सांगितलं असतं.

खूप खूप आभार सगळ्यांचे. लेकाला सगळा धागा वाचून दाखवला. त्याला कामाठीपुऱ्याच्या नावाची गोष्ट आणि "याला तहान लागू देऊ नका" हे सगळ्यात आवडलं. शाळेत "माझे शहर" वर बोलायचंय, त्यात तो कालेवार आणि वैद्य ही नावं घेणार आहे.

दगडफोड्या

त्याला माझ्याकडून शाबासकी दे. व्यंकू बाळाजी कालेवार, पूर्ण नाव घ्यायला सांग.

मुकादम

कुणी येणार असाल तर पुढच्या रविवारी सकाळी आठला फिरोजशहांच्या पुतळ्याजवळ भेटू. आठला ऊन दर्शनी भागावर तिरपं येतं, दगडावरचे छिन्नीचे वार वेगवेगळे मोजता येतात. मी दाखवतो. तिथून चालत काळा घोड्यापर्यंत जाऊ.

कुर्ल्याची काकू

मी येणार. थालीपीठं आणते.

निशिगंधा

आईला घेऊन येऊ का? तिला फार चालवत नाही.

मुकादम

जरूर आणा. माझ्याकडे घडीची खुर्ची आहे, ती घेऊन येतो.

पागोळी

आम्ही दोघे येतोय. @सातरस्ता, बिल्ला मामाकडे डोंबिवलीत सापडला. काळा पडलाय. चिंच भिजत घातली आहे, रविवारी घेऊन येते.